काकूंची अकरा मिनिटं

२१ जून २०२५
रशेस कॉपी होत होते. ६२ टक्क्यांवर लाइट गेली. पाऊस यंदा मे महिन्यातच आला, तेव्हापासून आमच्या वाडीतली लाइट दिवसाआड तरी जातेच. सासूबाई म्हणाल्या, "गेला का तुझा सिनेमा?" म्हटलं, गेला नाही, थांबलाय.

२२ जून
जिच्यावर ही फिल्म आहे ती म. फोन उचलत नाही.

२३ जून
उचलला. संध्याकाळी चारला झोपेतून उठलेली. लॅबमध्ये रात्रपाळी होती म्हणे.
नावाचं विचारलं. फिल्ममध्ये काय म्हणायचं तुला? शाळेतलं नाव नको. आईच्या सत्संग मंडळीच्या बाबांनी पाचव्या वर्षी दिलेलं तर अजिबातच नको. "आई अजून त्याच नावाने हाक मारते. म्हणजे मारत असेल." मग काय? "म. पुरे की."

२५ जून
आज म.ची लहानपणची वही शूट केली.
शंभर पानी. तपकिरी कागदाचं कव्हर, वर शाळेचं लेबल. नाव. इयत्ता: चौथी. विषय: चुका.
दर गुरुवारी सत्संगात मुलांनी उभं राहून वाचायची. निळ्या शाईत स्वतःच्या चुका, लाल शाईत भावंडाने पाहिलेल्या. प्रत्येक पानाखाली आईची सही, शाळेच्या प्रगतिपुस्तकावर करतात तशी, तारखेसकट. सगळ्या पानांवर आहे. एकही गुरुवार चुकलेला नाही.
कॅमेरामन सु.ने मॅक्रो लेन्स लावली. लाल शाईतलं एक पान. अक्षर वाकडं, जोडाक्षरं फुटलेली. 'ताईने खाली वाढदिवसाचा केक खाल्ला. मी नाही खाल्ला.' खाली सही.
म. खिडकीशी होती. वाचायला आली आणि हसत सुटली. "त्यानेच जास्त खाल्ला होता. क्रीम इथपर्यंत लागलं होतं."
मग तू सांगितलं नाहीस?
"कशाला? त्यालाही कोपऱ्यात बसवलं असतं."
इतरांच्या वाढदिवसाला जायचं नाही, बाहेरचं पाणी प्यायचं नाही, शाळेच्या सहलीला नाही. केकची शिक्षा तीन दिवस मौन. शाळेतही. बाईंना वाटलं, घसा बसलाय.

२६ जून
इंटरव्ह्यू संपला. रूम टोन घ्यायचा होता. एक मिनिट कुणी हलायचं नाही, खोलीचा नुसता आवाज रेकॉर्ड करायचा. म.ला म्हटलं, एक मिनिट गप्प बस, की झालं.
तिने डोळे मिटले. उजव्या तळव्यावर डावा तळवा, मांडीवर. पाठ एकदम ताठ. सु. माझ्याकडे बघायला लागला.
मिनिट झालं. कट म्हटलं. ती उठेना. पुन्हा म्हटलं.
चप्पल घालताना म्हणाली, "कोणी ऊठ म्हणेपर्यंत बसायचं असतं ना. सवय."
कॅमेरा बंद केला नव्हता. चेहरा नाहीये, पाठीमागून आहे, पण हात दिसतात. वापरू का, तिला विचारायचंय.

२७ जून
विचारलं. सांगते म्हणाली.

२८ जून
रजनीशांच्या कम्यूनवरची 'वाइल्ड वाइल्ड कंट्री' पुन्हा पाहिली, सहाही भाग. २०१८ ला झपाटून पाहिली होती. वे बंधूंच्या ह्या मालिकेचं एडिटिंग आजही खेचून नेतं. रजनीशांची सेक्रेटरी शीला बोलायला लागली की नजर हलत नाही. १९८१ ला पुणं सोडून ओरेगॉन, चौसष्ट हजार एकरांचं रान, त्यात वसवलेलं गाव. १९८४ ला द डॅल्समधल्या हॉटेलांच्या सॅलडमध्ये साल्मोनेला, ७५१ माणसं आजारी. बंदुका, वकील, विमान, अटक. सगळं आहे.
मुलांचं काय? आज त्यांच्यासाठीच पाहिली. पॉज करकरून. कुठेतरी मागे असतात. त्यांना कुणी काही विचारत नाही.
मोठ्यांची भांडणं इतकी देखणी आहेत, की कुणाला विचारायचं सुचलंच नसणार. मलाही २०१८ ला सुचलं नव्हतं आणि मी तर ह्याच धंद्यातली.

२९ जून
'चिल्ड्रन ऑफ द कल्ट'. मारूशा पेरिझोनियस स्वतः रजनीशांच्या कम्यूनमध्ये वाढलेली. २००४ ला तिने 'कम्यूनकाइंड' केली. वीस वर्षांनी, २०२४ ला, अ‍ॅलिस मॅकशेनबरोबर ही. तिथल्या मुली आता मोठ्या बायका आहेत, कॅमेऱ्यासमोर बसून सांगतात. लहानपणी झालेल्या लैंगिक अत्याचाराबद्दल. पुणे, ओरेगॉन, इंग्लंडातल्या सफोकमधलं मेडिना. एका धाटणीचं ऐकत जातो माणूस, मग कुणीतरी आईबद्दल बोलतं आणि आवाज बदलतो. तिथे दोनदा मागे गेले.
रात्री वडिलांना फोन. ते ७७-७८ ला पुण्यात शिकत होते. होस्टेलची पोरं सायकली काढून कोरेगाव पार्कात आश्रम बघायला जायची. काय बघायला, ते सांगत नाहीत, हसतात.
तिथे मुलं होती का हो?
"असतील. आम्ही काय मुलं बघायला गेलो होतो का?"

३० जून
विरार फास्टने अंधेरीहून परत. दादरपासून भरलेली. बोरिवलीला उतरायचं म्हणणारी एक पोरगी दारापर्यंत पोचलीच नाही, वसईला माझ्याबरोबर उतरली. रडत होती. तिला परतीची गाडी दाखवली.

१ जुलै
कोर्टात एक मैत्रीण प्रॅक्टिस करते. तिला म.ची गोष्ट सांगितली. एकोणिसाव्या वर्षी मंडळीतून बाहेर पडली. त्यानंतर गल्लीतलं कुणी बोलत नाही. भावाच्या लग्नाचं कळलं ते व्हॉट्सअ‍ॅपवर, तेही लॅबमधल्या कुणाकडून. आईने दार उघडलेलं नाही.
मैत्रिणीने खुर्ची मागे केली आणि सुरुवात १९४९ पासून केली. मुंबई प्रांताने तेव्हा जातीबाहेर टाकण्याविरुद्ध कायदा केला होता. दाऊदी बोहरांच्या सैयदनांनी आव्हान दिलं. १९६२ ला सुप्रीम कोर्टाने कायदा रद्द केला, धर्मप्रमुखाचा तो अधिकार आहे म्हणून. २०१६ ला महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध नवा कायदा केला, असा करणारं देशातलं पहिलं राज्य. पुढच्या वर्षी लागू झाला. तीन वर्षांपर्यंत कैद, लाखापर्यंत दंड. आणि १९६२ चा तो निकाल बरोबर होता का, हा प्रश्न २०२३ मध्ये नऊ न्यायाधीशांपुढे पाठवलाय.
मग म.ची केस होते?
"कुणी आदेश दिला, कुणासमोर दिला, साक्षीदार कोण? दार न उघडणं हा गुन्हा नाही. आई आहे ती."
म.ला हे सांगितलं. तिने फक्त तीन वर्षं ऐकलं. "आईला? वेड लागलंय का तुला, ताई?"

३ जुलै
प्रोड्यूसरचा फोन. रफ कट पाहिला. भाषा छान, मूड छान. मग, "पण ह्यात व्हिलन कोण आहे?"
म्हटलं, बाबा जाऊन बरीच वर्षं झाली. आता त्यांची सून बसते.
"तिचं काही? पैसे? बाई-बिई?"
काही नाही. मंडळीच्या नावावर एक खोली आहे, तिच्यातच सगळं चालतं. बाबा वीज मंडळात मीटर रीडर होते. रिटायर झाल्यावर लोक येऊन बसायला लागले. कुणी कुणाला लुबाडलेलं नाही, हात लावलेला नाही. पोलिसात जाऊन सांगावं असं एक वाक्य माझ्या रशेसमध्ये नाही.
"मग फिल्म कशावर आहे?"
ह्यावरच.

४ जुलै
रॉबर्ट जे लिफ्टन वाचतेय. १९६१ चं पुस्तक. चीनच्या तुरुंगांत, शाळांत माणसांची मतं कशी घडवली गेली त्याचा अभ्यास. चारचौघांत कबुली, पुन्हा पुन्हा कबुली, नसलेल्या चुकांचीही. नालासोपाऱ्याच्या दीड खोलीत लिफ्टन कुणी वाचला असेल? वाचावा लागत नसणार.

६ जुलै, आषाढी
साबुदाण्याची खिचडी, रताळ्याचा कीस. सासूबाईंचा निर्जळी उपास, वय ७६. दुपारी माझ्या मागे येऊन स्क्रीन बघत उभ्या.
"कसली गं ही फिल्म? आमच्यासारख्यांवर?"
तुमच्यावर कशी असेल? तुम्ही उपास मोडलात तर कुणी वहीत लिहितं का?
विचार केला त्यांनी. "तुझ्या मामेसासूबाई लिहून ठेवत असतील."
मग पाणी प्यायल्या. मी पाहिलं, त्यांनीही पाहिलं.

१० जुलै, गुरुपौर्णिमा
म.ला आज सुट्टी घ्यावीच लागते. दरवर्षी ह्या दिवशी तिला ताप येतो किंवा पित्त होतं. सकाळी मेसेज: 'पित्त.' दुपारी गेले. फ्लॅटच्या खिडक्या बंद. खालच्या रस्त्याने मिरवणूक गेली, टाळ, लेझीम, कुठल्या तरी दुसऱ्याच मठाची. तिने पंखा फास्ट केला.
लहानपणी ह्या दिवशी नवा फ्रॉक मिळायचा. वर्षातला एकच. "तो मला आवडायचा, ताई. तो दिवसच आवडायचा. हे पण घे फिल्ममध्ये."
निघताना तिचा फोन वाजला. भाऊ. बऱ्याच वर्षांनी. दोघीही बघत राहिलो, वाजून थांबेपर्यंत. मग मेसेज आला. 'आई विचारतेय फिल्म कोण करतंय.'

११ जुलै
त्यांना कळलं कसं?

१३ जुलै
भाऊ भेटला. वसई स्टेशनबाहेरच्या हॉटेलात, कोपऱ्यातलं टेबल. तिशीचा, कुरियरचं काम, डोक्यावर हेल्मेटचा वळ. मला काकू म्हणू की मॅडम, ह्यात अडकला. ताई म्हण, म्हटलं.
मी चहा मागवला. त्याने घेतला नाही. मग माझा अर्धा झाल्यावर त्याने स्वतःहून कटिंग मागवला आणि एका घोटात संपवला, दाराकडे पाठ करून.
वाटलं होतं धमकी देईल. तो निरोप घेऊन आला होता. आईला बोलायचंय. कॅमेऱ्यासमोर. अटी तीन: म. खोलीत नको, आमच्या घरी नको, आणि कापाकापी नको.
कापाकापी नको म्हणजे?
"आई म्हणते, टीव्हीवाले अर्धं वाक्य दाखवतात."
टीव्हीवाल्यांबद्दल ह्याहून चांगलं कुणी बोललेलं नाही.
उठताना त्याने विचारलं, "वही तिच्याकडे आहे का अजून?"
हो.
"सगळी?"

१४ जुलै
म.ला सांगितलं. "येऊ दे." मग अर्ध्या तासाने: 'तिला खालची खुर्ची दे. गुडघे दुखतात तिचे.'

१७ जुलै
काकू, म्हणजे म.ची आई, आल्या. सुनेला घेऊन, रिक्षाने, पावसात. आमच्या बाहेरच्या खोलीत बसवलं. फिकट निळी सुती साडी, प्लास्टिकची पिशवी, तिच्यात पाण्याची बाटली घरची. सासूबाईंनी पाणी आणलं, काकूंनी हात जोडले. सासूबाई काही न बोलता तांब्या परत घेऊन गेल्या. आतून भांड्याचा आवाज जरा मोठाच आला.
सु.ने लॅपल लावायला हात पुढे केला, काकू मागे सरल्या. मी लावला. गळ्यात बाबांच्या फोटोचं लॉकेट. ते माइकवर वाजत होतं. पदराच्या आत घ्याल का, विचारलं. "आत नाही जायचं ते." मग माइकच खांद्याकडे नेला.
चेहरा नको असेल तर मागून घेऊ, म्हटलं. लेकीचाही तसाच घेतलाय.
"का? मी काय चोरी केलीय?"
कॅमेरा समोर आणला.
एकच प्रश्न विचारू शकले. पुढे त्याच बोलल्या. रात्री ऐकून उतरवलेलं, थोडं:
नवरा गिरणीत होता. ८२ च्या संपात गिरणी बंद झाली, पुन्हा सुरू झाली तेव्हा ह्यांना घेतलं नाही. लालबागची खोली विकून नालासोपाऱ्याला आलो. स्टेशनपासून गुडघाभर चिखल. विहिरीचं पाणी. हे प्यायला लागले. धाकटा अंगावर पीत होता तेव्हा एक दिवस बाहेर गेले ते आलेच नाहीत. "पोलिसात गेले, तर ते म्हणाले, येईल. भाऊ म्हणाला, माझंच भागत नाही. तिसऱ्या दिवशी बाबांकडची दोन माणसं आली. पाच किलो तांदूळ. चौथ्या दिवशी एक बाई बघायला आली, शिजवला का नाही ते. कोण येतं हो बघायला, शिजवला का? तुम्ही लोक तेव्हा कुठे होतात?"
मसाल्याच्या पॅकिंगचं काम मंडळीतल्याच एकीने लावून दिलं. पोरांच्या फीचे पैसे.
वहीबद्दल मी विचारलं नव्हतं. "वही मी ठेवायला लावली. बाबांनी नाही सांगितलं, ते नंतर सगळ्यांना आवडलं. बाप नसलेली पोरं, गल्लीत काय काय चालायचं. मी सकाळी सातला जायची ती रात्री आठला. मला कळणार कसं? वहीत कळायचं." मग थोडं थांबून, "वाया गेली का पोरं? नाही ना गेली?"
बाराला चर्चची घंटा सुरू झाली, नेमकी ह्या वाक्यावर. सु.ने मान हलवली, आवाज गेला म्हणून. मी थांबवलं नाही.
कावीळ. म. नऊ वर्षांची होती. "अंगारा लावला. डॉक्टरकडे पण नेलं. दोन्ही केलं. ती काय सांगते मला माहीत आहे."
दार का उघडत नाही, ते मी विचारणार होते. विचारलं नाही. त्यांनीच पिशवी उचलली आणि, "झालं."
रूम टोन राहिला होता. काकू, एक मिनिट फक्त गप्प बसायचं.
डोळे मिटले. उजव्या तळव्यावर डावा तळवा. पाठ ताठ. गुडघे दुखत असतील तरी.
मिनिटानंतर मी कट म्हटलं नाही. "काकू, उठा" म्हटलं. लगेच उठल्या.

१८ जुलै
अकरा मिनिटं चार सेकंद. सकाळपासून टाइमलाइनवर ठेवून बघतेय. कुठे कापलं तर घंटेत उडी ऐकू येते. बेडकांचा आवाजही सगळीकडे सारखा नाही, तिसऱ्या मिनिटाला वाढतो. तांत्रिकदृष्ट्या कापता येतं, वरून पावसाचा ट्रॅक टाकला की झालं. शाळकरी एडिटरही करील.

२० जुलै
म.ने पाहिलं. उभ्याने. खुर्ची पुढे केली तर मागे सरकवली.
पहिल्या मिनिटात, आईचे केस दिसल्यावर, "पांढरे झाले."
कावीळ आली. "मागे घे." घेतलं. "पुन्हा." घेतलं.
"डॉक्टरकडे शेजारीण घेऊन गेली. बाराव्या दिवशी. आई बाहेर पायरीवर बसली होती, आत आली नाही. आली होती, पण आत आली नाही." बराच वेळ काही नाही. "अर्धं खरं आहे. कापू नकोस."
तुझं तू सांगितलेलं आधी येतं, अंगाऱ्याचं पाणी, बारा दिवस. मग तिचं आलं की ती खोटी दिसेल.
"मग तिचं आधी लाव."
मग तू उलट बोलतेयस असं वाटेल.
"बोलतेच आहे ना."
जाताना: "तो हातांचा शॉट घे. माझा. आणि तिचाही घे, पण लगेच शेजारी लावू नकोस. फार शहाणपणा वाटेल."
खरं म्हणजे मी शेजारीच लावला होता. संध्याकाळी वेगळा केला.

२१ जुलै
आता रचना अशी: काकू पहिल्या. नावं येण्याआधी. म.चा आवाज बाराव्या मिनिटाला. बाबांचा फोटो ब्लर, लॉकेटसुद्धा. लॉकेट प्रत्येक श्वासाला हलतं, फ्रेमगणिक मास्क हलवावा लागतोय. डोळे गेले.

२३ जुलै
प्रोड्यूसर. स्लॉट ५२ मिनिटांचा. आई पहिली आणि अकरा मिनिटं? लोक चॅनेल बदलतील. दीड मिनिट कर. "ते 'कुठे होतात' ठेव, कडक आहे. आणि वही मी ठेवायला लावली, बस. तिथे काट. मिळाली ना तुला व्हिलन."
मी म्हटलं, तिला शब्द दिलाय.
"लेखी?"

२४ जुलै
नाही, लेखी नाही.

२५ जुलै
प्रिया गोस्वामीची 'अ पिंच ऑफ स्किन' पाहिली. २०१२ ची. बोहरा मुलींच्या खतन्याबद्दल. जिथे बोलणारी ओळखू यायला नको तिथे चेहऱ्यावाचून माणूस कसा उभा करायचा, ते बघायला लावली होती. आई, आजीच मुलीला घेऊन जातात. ज्या करवून आणतात त्यांच्या मनात वाईट काही नसतं, ह्याने जास्तच भीती वाटते.
आमच्याकडे उलटं झालंय. लपायचं आहे ते लेकीला. आई छाती पुढे काढून बसलीय. ब्लर कुणाला करायचं असं कुणी विचारलं तर पंचाईत.

२९ जुलै, नागपंचमी
दिवसभर लाइट नाही. मोबाइलवर रशेसच्या नोंदी वाचल्या.

२ ऑगस्ट
वकील मैत्रिणीने कट पाहिला. तिला वाटलं होतं, कुठे कुठे बीप टाकायचे सांगावं लागेल. काही निघालं नाही. मंडळीचं नाव नाही, गल्ली ओळखू येत नाही, एक टँकरचा नंबर तेवढा दिसतो, तो घालव म्हणाली. मग बराच वेळ बसून राहिली. तिच्या आईचं काही तरी सांगायला लागली. ते इथे लिहीत नाही.

५ ऑगस्ट
मंडळीतून कुणी दोघी सासूबाईंना बाजारात भेटल्या. तुमच्या सूनबाई चांगल्या घरच्या आहेत म्हणाल्या. एवढंच. सासूबाई भाजी तिथेच विसरल्या. घरी आल्यावर मला म्हणाल्या, "कोण लागून गेल्यात त्या? तू पूर्ण कर."

९ ऑगस्ट, राखीपौर्णिमा
सकाळी साडेसातला भावाचा फोन. गाडी थांबवून बोलत होता, मागे हॉर्न.
"ताई, ते केकचं पान आहे का फिल्ममध्ये?"
आहे.
"काढाल का?"
आईबद्दल एक अक्षर नाही. आईचा चेहरा, आईची वाक्यं, मंडळी, काही नाही. सात वर्षांचा असताना लाल शाईने लिहिलेल्या दोन ओळी.
तुझं अक्षर कुणी ओळखणार नाही, म्हटलं.
"ती ओळखते ना."
म.ला सगळं माहीत आहे, क्रीमचंसुद्धा, हे माझ्या तोंडावर आलं होतं. ते सांगणं माझं काम नाही. म्हटलं, पान तिचं आहे, तिला विचार.
"ती उचलेल?"
तूच बघ.

९ ऑगस्ट, रात्री
म.: 'त्याचा फोन आला. उद्या येतोय म्हणे. कॅमेरा आणू नकोस.'
हो.
'आणि तूही येऊ नकोस.'
हो.
'केक कुठला आणू? आपल्या स्टेशनजवळचा चांगला असतो का?'
अननसाचा घे, म्हटलं. क्रीम जास्त असतं त्यात.

१० ऑगस्ट
काहीच मेसेज नाही. सारखा फोन बघतेय. नवरा म्हणाला, उचल आणि विचार. आपण कोण विचारणारे?
लॉकेटचा मास्क संपवला.

११ ऑगस्ट
म.चा मेसेज, पहाटे, पाळीवरून: 'पान राहू दे. तो म्हणाला राहू दे. पण त्याच्याखाली त्याला बोलायचंय. आवाज फक्त. शनिवारी मोकळा आहे.'
सु.ला फोन केला. शनिवारी त्याचं एक लग्न आहे शूटिंगला, दुपारी तीननंतर येतो. रेकॉर्डर मीच नेते, माइकच्या बॅटऱ्या घ्यायच्यात.
मग प्रोड्यूसरला मेल. आई पहिली, अकरा मिनिटं चार सेकंद, न कापता. भावाचा भाग धरून एकूण ६४ च्या आसपास जाईल. ५२ होणार नाही. चालत नसेल तर शुक्रवारपर्यंत कळवा, म्हणजे मला दुसरीकडे दाखवता येईल.